एक्सकॉम : सगळेच दमलेत, आता मोहिमेवर पाठवू कुणाला?

उंटावरचा :
मंडळी, गेले तीन महिने रात्री पोरं झोपली की मी एक्सकॉम २ खेळतोय. त्याचं २०१७ मध्ये आलेलं ‘वॉर ऑफ द चोझन’ हे विस्तारित रूप. डिफिकल्टी कमांडर, वर आयर्नमॅन. म्हणजे सेव्ह एकच, मागे जाऊन चूक सुधारायची सोय नाही.

ज्यांना गेम माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. २०३५ साल. पृथ्वी वीस वर्षांपूर्वीच परग्रहवाल्यांनी घशात घातलीय आणि आपण लपूनछपून लढणाऱ्या मूठभर लोकांचे कमांडर. पाळीपाळीने खेळायचं, आधी आपली चाल मग त्यांची. मोहिमेवर सुरुवातीला चारच जण नेता येतात, गुरिल्ला टॅक्टिक्स स्कूलमध्ये पैसे ओतले की पाच, मग सहा.

सैनिकांना नावं आपण द्यायची असतात. मी घरच्यांची दिली. बंडूमामा स्नायपर, सुमनआत्या ग्रेनेडियर, थोरला दादा रेंजर, वगैरे. पहिले दोन-तीन महिने हीच मंडळी नेली आणि सगळ्या मोहिमा मारल्या. मोहिमेहून आलं की नावापुढे पिवळं ‘टायर्ड’ दिसायचं, पण जखम नाही ना, मग काय झालंय, चला, असं म्हणून पुन्हा पाठवायचो.

गेममधल्या जूनमध्ये रिटॅलिएशन आलं. वस्तीवर हल्ला, नागरिक वाचवायचे. आत गेलो तर सहापैकी पाच पिवळे. तिसऱ्या पाळीला एक व्हायपर, म्हणजे सापासारखी परग्रहवाली, समोर आली आणि दादा सैरभैर होऊन पळत सुटला. मामा छपरावर. मामाला आधीच्या एका मोहिमेत सारखी बंदूक भरत बसायची खोड जडली होती, मी दुर्लक्ष केलं होतं. मॅगझिनमध्ये गोळ्या शिल्लक असताना मामाने पाळीच्या सुरुवातीलाच आपण होऊन रीलोड केलं. पाळीत मिळणाऱ्या दोन ॲक्शनपैकी एक गेली. स्नायपर रायफलला दोन्ही ॲक्शन लागतात, त्यामुळे समोर उघड्यावर शत्रू आणि मामाच्या हातात पिस्तूल! त्यात चोझन, म्हणजे परग्रहवाल्यांचे खास शिकारी, त्यांच्यापैकी ती असॅसिन आली, तिने सुमनआत्याला लोळवलं आणि सरळ पळवून नेलं.

सहापैकी दोघे परत आले. मागे बराकीत उरलेले सगळे कच्चे रूकी. डाव तिथेच संपल्यात जमा.

तर प्रश्न असा, की हे फटीगचं, म्हणजे दमण्याचं प्रकरण तुम्ही कसं सांभाळता? आणि कृपया ‘डिफिकल्टी कमी कर’ सांगू नका, तेवढा स्वाभिमान शिल्लक आहे.

मिसळपुरी :
आत्याला पळवली, हे वाचून चहा नाकातून आला. तिला सांगितलंस का?

उंटावरचा :
सांगितलं. म्हणाली, सोडवायला कोण येणार आहे, तुझे काका तर येणार नाहीत.

थंड_डोकं :
आधी यंत्रणा समजून घे, मग उपाय आपोआप सुचतील. प्रत्येक सैनिकाला ‘विल’ नावाचा आकडा असतो, म्हणजे मनोबल. हा आकडा मोहिमेत झिजतो. नवीन शत्रूंची टोळी दिसली की झिजतो, गोळी लागली की झिजतो, सोबतचा मेला की चांगलाच झिजतो. ठराविक रेषेखाली गेला की टायर्ड. म्हणजे एकही ओरखडा न येता मोहीम मारलीस तरी माणूस दमलेला असू शकतो, कारण चार-पाच टोळ्या बघितल्यात त्याने. तुझं ‘जखम नाही ना, मग काय झालंय’ इथेच चुकलं.

दमलेल्याला पुन्हा नेलं तर दोन गोष्टींचा धोका. एक, आयत्या वेळी घाबरून पळणं. दुसरा जास्त वाईट, कायमची खोड लागणं. व्हायपरची भीती, आगीची भीती, मामासारखं रीलोडचं वेड. ही खोड विश्रांतीने जात नाही. त्यासाठी इन्फर्मरीत, म्हणजे गेममधल्या दवाखान्यात, वेगळा उपचार, आणि तेवढे दिवस तो माणूस मोहिमांना नाही. एक दिवस वाचवायला गेलास आणि पंधरवडा घालवलास.

चार्टवाली_सिस्टर :
नमस्कार, पहिल्यांदाच लिहितेय, एरवी फक्त वाचते. मुलाच्या नादाने टॅबवर हा गेम घेतला आणि मुलगा कधीच दुसरीकडे गेला, मी अडकले.

मी वॉर्डची इनचार्ज आहे. दर रविवारी पुढच्या आठवड्याचा ड्यूटी चार्ट लावणं हे माझं काम. डे, इव्हनिंग, नाइट, नाइटनंतरचा ऑफ, कुणाच्या घरी लग्न, कुणाचं पोर आजारी. उंटावरचा, तुमची पोस्ट वाचून मला पहिल्यांदा हेच वाटलं, की तुम्ही चार्टच लावला नाहीत. ‘आज कोण फ्रेश आहे’ हे तुम्ही मोहीम आल्यावर बघता. ते मोहीम यायच्या आधी ठरलेलं असायला हवं.

मी काय करते ते सांगते. एक जुनी वही आहे, तिच्यात सगळ्यांची नावं. समोर क्लास, विलचा आकडा, शेवटची मोहीम कधी. मी ‘टायर्ड’ या शब्दाकडे बघतच नाही, आकडाच बघते. कारण रेषेच्या जेमतेम वर असलेला माणूस यादीत ताजातवाना दिसतो आणि दोन टोळ्या बघितल्या की मोहिमेच्या मध्यावरच ढासळतो. वॉर्डातही असंच असतं. ‘मी ठीक आहे’ म्हणणारीकडे मी जास्त लक्ष देते.

सहाजणांचं पथक असेल तर मला निदान चौदा-पंधरा माणसं बराकीत लागतात. प्रत्येक क्लासचे दोन तरी, ग्रेनेडियर तीन. तेही सगळे कर्नल नकोत. दोन मुरलेले, दोन मधले, एक-दोन नवे असं मिश्रण प्रत्येक मोहिमेला. तुमच्यासारखं सहाच्या सहा हुकमी एक्के एका वेळी नेले की ते सगळे एकाच वेळी दमतात आणि पुढच्या आठवड्यात हातात फक्त सत्ती-अठ्ठी राहते. आमच्याकडे नवीन इनचार्ज आली की हीच चूक करते. जी सिस्टर हाताने चांगली, तिलाच प्रत्येक सिरियस पेशंट. तीन महिन्यांत ती एक तर आजारी पडते नाहीतर राजीनामा देते. आणि बाकीच्यांना व्हेंटिलेटरचा अलार्म वाजला की काय करायचं ते येत नाही, कारण त्यांना कधी हात लावू दिलेला नसतो.

सोप्या मोहिमांवर नव्यांना न्या. मारायची शेवटची गोळी नव्याच्या हातून झाडा. ते मोठे होतील आणि तुमच्या मामाला रविवार मिळेल.

उंटावरचा :
ताई, दंडवत. ‘व्हेंटिलेटरचा अलार्म’ वाचून मला माझे रूकी डोळ्यांपुढे आले. एकाचंही नाव मला आठवत नाही, त्यांना नावंच दिली नव्हती मी.

रागीट_रूकी :
एक मिनिट. मी दिवसभर ऑफिसात लोकांच्या रजा ॲप्रूव्ह करतो. रात्री अकरा वाजता एलियन मारायला बसल्यावर पुन्हा रजेचे अर्ज का बघू? २०१६ चा मूळ एक्सकॉम २ घ्या, त्यात हे थेर नव्हते. जखमी असेल तर बसेल, नसेल तर चल. मी मॉड (खेळणाऱ्यांनीच केलेला बदल) टाकून फटीग सरळ बंद केलंय आणि मजेत आहे. गेम खेळणाऱ्यासाठी असतो, खेळणारा गेमसाठी नसतो.

थंड_डोकं :
मॉड टाक की, कुणी अडवलंय. पण २०१६ च्या गेमचं उदाहरण तुझ्याच विरुद्ध जातं. त्यात काय व्हायचं? तेच सहा जण प्रत्येक मोहिमेला, ऑगस्टपर्यंत सगळे कर्नल, शेवटचा अर्धा गेम म्हणजे चटणी वाटणं. किंवा मग ते सहा एकाच वाईट मोहिमेत गेले की मागे शून्य. मधलं काहीच नाही. फटीग आल्यावर पहिल्यांदा मला माझ्या आठव्या-नवव्या क्रमांकाच्या सैनिकाचं तोंड माहीत झालं.

रागीट_रूकी :
चटणी वाटायला मजा येते मला. जाऊ दे. पण पळवलेल्या आत्याचं काय झालं ते कळवा, त्यासाठी धागा फॉलो करतोय.

जुनाजाणता :
तुम्हाला वाटतं हे काल निघालं. १९९९ मध्ये सुपर फॅमिकॉम या निन्टेंडोच्या कन्सोलवर फायर एम्ब्लेम या जपानी गेममालिकेतला ‘थ्रेसिया ७७६’ आला, त्यात हे सगळं होतं आणि जास्त निष्ठुर होतं. लढलं की थकवा वाढतो, जादूच्या काठीने कुणाला बरं केलं तरी वाढतो. थकव्याचा आकडा त्या पात्राच्या कमाल हिट पॉइंट्सना (मार सोसायच्या ताकदीला) गाठला की पुढच्या अध्यायात ते पात्र बाहेर. नेताच येत नाही. एक अध्याय बसवलं की पाटी कोरी. मधला मार्ग म्हणजे एस ड्रिंक नावाचं पेय, ते पाजलं की थकवा शून्य, पण ते मिळायचं मोजकं. सूट फक्त नायकाला, लीफला. तो राजपुत्र, त्याला दमायला परवानगी नाही.

गंमत बघा. हिट पॉइंट्स कमी असलेली पात्रं म्हणजे बरं करणाऱ्या पोरीबाळी. काठी वापरून थकवा भराभर वाढणार आणि मर्यादा तर आधीच कमी. म्हणजे ज्यांची सगळ्यात गरज तीच आधी बाहेर. पहिल्यांदा खेळताना मी एका अध्यायात सगळ्यांना ठणठणीत केलं आणि पुढच्या अध्यायात बरं करायला कुणीच नाही.

त्याच वर्षी ‘जॅग्ड अलायन्स २’ आला. त्यात भाडोत्री सैनिकांना रात्री झोपवावं लागायचं. नाही झोपवलं तर मोहिमेत धापा टाकत खाली बसायचे. पथकातले निम्मे झोपलेले, निम्मे पहाऱ्यावर, नकाशावर घड्याळ पळतंय. त्या घड्याळाकडे बघत मी किती रात्री स्वतः जागलो, ते विचारू नका.

मिसळपुरी :
म्हणजे सैनिक झोपलेले आणि कमांडर जागा. बरोबरच आहे.

कोव्हर्ट_काका :
सिस्टरताईंचं सगळं मान्य, त्यात एक भर. दमलेले लोक बराकीत नुसते बसवू नका. तळावर रेझिस्टन्स रिंग नावाची खोली बांधली की कोव्हर्ट ॲक्शन मिळतात. दोन-तीन जणांना काही दिवस बाहेर पाठवायचं, ते काहीतरी माहिती नाहीतर सामान घेऊन येतात. टायर्ड माणूस तिथे चालतो. सुमनआत्याला सोडवायची वाटही तिथूनच जाते. आधी कोव्हर्ट ॲक्शनमधून तिचा पत्ता काढायचा, मग सोडवायची मोहीम.

पण ॲम्बुशचा, म्हणजे वाटेत दबा धरून हल्ला व्हायचा धोका लिहिलेला असेल तर नीट वाचा. मी एकदा लोभापायी तीन दमलेले पाठवले, ॲम्बुश झालं, आणि तिघांना तेवढ्यांनीच लढत बाहेर पडावं लागलं. दोघे आले. तेव्हापासून ॲम्बुश असेल तिथे एक तरी ताजा, नाहीतर जातच नाही.

आणि बाँड! दोन सैनिक एकत्र मोहिमा करत राहिले की त्यांचं सूत जमतं. बाँड झाला की मोहिमेत एकदा एकजण दुसऱ्याला जादा ॲक्शन देऊ शकतो. ही लालूच मोठी, त्यामुळे माणूस तीच जोडी पुन्हा पुन्हा नेतो आणि दोघं एकदमच दमतात. माझा नियम असा, की चार्टमध्ये जोडीला एकच माणूस समजायचं. दोघं जातील तेव्हा दोघं, बसतील तेव्हा दोघं.

चार्टवाली_सिस्टर :
हे मी वहीत लिहून घेतलं. माझ्याकडे एक जोडी तोडली गेली होती, एक पिवळा आणि एक ताजा, आणि मी दोन महिने तशीच रडत होते.

फौजी_पेन्शनर :
मी गेम खेळत नाही, नातू खेळतो, त्याने ही लिंक पाठवली. म्हणाला आजोबा, तुमचा विषय आहे.

पहिल्या महायुद्धात ब्रिटिश बटालियन कायम पुढच्या खंदकात ठेवत नसत. काही दिवस पुढच्या रांगेत, काही दिवस सपोर्टमध्ये, मग रिझर्व्हला, मग मागे गावात विश्रांतीला. आपल्याकडे सियाचेनच्या वरच्या चौक्यांवर साधारण तीन महिन्यांनी जवान बदलतात. तिथे तर शत्रूपेक्षा थंडी आणि विरळ हवाच माणसाला झिजवते.

पण तुमच्या गेममध्ये मला एक गोष्ट खटकली. विश्रांती म्हणजे नुसतं न लढणं असं धरलंय. आमच्याकडे विश्रांतीला आलेल्या कंपनीला दुसऱ्याच दिवसापासून परेड, हत्यार सफाई, खड्डे खणणं, पुन्हा ट्रेनिंग. जवान वैतागायचा, म्हणायचा यापेक्षा पुढे बरा होतो. तरी तोंडावर लाली यायची ती मागेच. गरम जेवण, आंघोळ, घरचं पत्र. पत्राचं कुठल्या गेममध्ये आहे का?

थंड_डोकं :
काका, अप्रतिम. पत्र नाही, पण अव्हेंजर नावाच्या आपल्या जहाजावर बार आहे. मोहीम नसेल तेव्हा सैनिक तिथे बसलेले दिसतात. त्याच बाजूला गेलेल्यांचं स्मारकही आहे.

फौजी_पेन्शनर :
मेस आणि स्मारक एकाच ठिकाणी. बरोबर केलंय त्यांनी.

बॅटरी_लो :
कुणी स्पार्कचं नाव कसं काढलं नाही? ‘शेन्स लास्ट गिफ्ट’ हे डीएलसी, म्हणजे गेमचा वेगळा घ्यायचा जोडभाग, असेल तर स्पार्क नावाचा रोबो बांधता येतो. त्याला विल नाही, फटीग नाही, भीती नाही. मार खाल्ला तर दुरुस्ती, बास. माझ्याकडे दोन आहेत, एकाचं नाव ‘बुलडोझर’, दुसऱ्याचं ‘बायकोचा भाऊ’. सगळे पिवळे पडले की हे दोघे पुढे.

रागीट_रूकी :
बघा, शेवटी सगळे रोबोवरच आले. न दमणारा कर्मचारी. माझ्या कंपनीलाही हेच हवंय.

कोव्हर्ट_काका :
स्पार्क चांगला, पण त्याला कव्हर घेता येत नाही. उघड्यावर उभा राहून सगळ्या गोळ्या अंगावर घेतो. दुरुस्तीला टाकलास की तोही पंधरवडाभर बराकीत. शेवटी चार्टमध्ये त्याचीही रांग आहेच.

उंटावरचा :
तीन आठवड्यांनी हजेरी लावतोय. अहवाल देतो.

नवीन डाव सुरू केला, डिफिकल्टी तीच. यावेळी सगळ्यांना नावं दिली, चौदाव्या माणसापर्यंत. घरचे संपले म्हणून सोसायटीतले घेतले, सेक्रेटरी आहेत, पाणीवाला आहे, तिसऱ्या मजल्यावरच्या काकू आहेत. सिस्टरताईंसारखी वही केली. एक्सेल करायला गेलो होतो, पण गेम आणि एक्सेल एकाच स्क्रीनवर जमेना, मग पोरीची अर्धी रिकामी चौरेघी वही उचलली.

पहिला महिना जीव खाल्ला. एखादी सोपी मोहीम मामाला आणि दादाला पाठवली तर दहा मिनिटांत उरकेल हे दिसत असताना पाणीवाल्याला नि काकूंना पाठवायचं म्हणजे पोटात गोळा यायचा. काकू पहिल्या मोहिमेत तीनदा नेम चुकल्या. पण मे महिन्यापर्यंत माझ्याकडे दोन धड पथकं तयार होती. पहिल्या डावात मे महिन्यात माझ्याकडे एकच होतं.

जूनचं रिटॅलिएशन याही वेळी आलं. योगायोगाने तेव्हा मामा, दादा आणि आत्या तिघे दमलेले. हात शिवशिवत होते, खोटं कशाला बोलू. माउस मामाच्या नावावर नेऊन परत आणला. शेवटी काकू, सेक्रेटरी, पाणीवाला, दोन नवे आणि एक रीपर, म्हणजे लपून वावरणारा खास सैनिक, असे नेले. सगळे हिरवे. असॅसिन आली, तिने सेक्रेटरींना वार करून लोळवलंही, पण पळवायच्या आधी काकूंनी ग्रेनेड आणि पाणीवाल्याने रायफल चालवून तिला परतवलं. दोघे जखमी, कुणी मेलं नाही. बाहेर आल्यावर सहाही पिवळे, पण पुढची मोहीम येईपर्यंत मामा-दादा-आत्या आराम करून टवटवीत. ती आली आणि मला पहिल्यांदा काही वाटलं नाही.

चार्टवाली_सिस्टर :
त्या ‘माउस परत आणला’ला माझ्याकडून टाळ्या. तेवढंच अवघड असतं. चार्ट कुणीही लावतं, आयत्या वेळी न मोडणं अवघड.

थंड_डोकं :
एकच सूचना. चोझनच्या गडावर जाशील तेव्हा हा चार्ट दोन आठवडे आधीपासून उलटा लाव. म्हणजे गडावर कोण जाणार ते ठरव आणि त्यांना त्या आधीच्या सगळ्या किरकोळ मोहिमांतून वगळ. गडाची मोहीम लांबलचक, टोळ्या भरपूर, आणि शेवटी चोझन स्वतः. तिथे रेषेच्या जेमतेम वर असलेला माणूस नेणं म्हणजे पेट्रोल रिझर्व्हला लागलेलं असताना घाट चढणं.

उंटावरचा :
नोंद घेतली. वहीत शेवटच्या पानावर ‘गड’ असं लिहून सहा नावं टाकलीत. मामा आहे त्यात. त्याला यावेळी अजून एकही खोड लागलेली नाही.

मिसळपुरी :
आणि आत्या?

उंटावरचा :
आत्या या डावात ठीक आहे. काल रात्री खऱ्या आत्याचा फोन आला होता, विचारत होती सोडवली का मला. म्हटलं, यावेळी तुला पळवलंच नाही. म्हणाली, म्हणजे मला घरीच बसवून ठेवलंस तू?